आबासाहेबांचा पाट आणि कांद्याच्या चकत्या

आबासाहेबांचा आवाज काढायला फार कष्ट पडत नाहीत. हनुवटी छातीला टेकवायची, चष्म्याच्या वरून बघायचं आणि कुठल्याही वाक्याच्या आधी "त्याचं असं आहे" जोडायचं. "त्याचं असं आहे वच्छला, चहा निवलाय." "त्याचं असं आहे, मांजर आत आलंय." एवढ्यावर आमची अख्खी चाळ पोट धरून हसते. हसताना दाराकडे मात्र लक्ष ठेवावं लागतं, कारण आबासाहेब आमच्या भिंतीला भिंत लावून राहतात, आणि भिंत अशी की पलीकडे मिरची तव्यावर पडली की अलीकडे आमच्या आईला शिंक येते.

आबासाहेब मूळचे नातेपुत्याचे. सोलापुरात कालव्याच्या कचेरीत चौतीस वर्षं नोकरी, त्यातली शेवटची अकरा हेडक्लार्क म्हणून. पाणी कुणाला कधी सोडायचं ते साहेब ठरवायचे, पण आपल्या टेबलावरून कागद गेल्याशिवाय पाण्याचा थेंब हलायचा नाही, असं आबासाहेब सांगतात. बहात्तरच्या दुष्काळात कालव्यात पाणीच नव्हतं, तरी कागद एक दिवस थांबला नाही, हेही तेच सांगतात, आणि छाती पुढे काढून सांगतात.

यंदा मार्चअखेर ते निवृत्त झाले. हार, नारळ, शाल आणि भिंतीवरचं घड्याळ मिळालं. दुसऱ्या दिवशी सकाळी साडेदहाला ते आंघोळ करून, इस्त्रीचा शर्ट घालून, खिशाला दोन पेनं लावून तयार झाले आणि मग जायला जागा नाही हे त्यांच्या ध्यानात आलं. मुलगा मानसिंग पुण्याला नोकरीला. घरात खोल्या दोन. बाहेरच्या खोलीत हाताखाली कुणी नव्हतं. आतल्या खोलीत एक बाई काम करत होती. आबासाहेबांनी पाट उचलला आणि स्वैपाकघराच्या उंबऱ्याशी नेऊन मांडला.

उंबऱ्यावर नव्हे. उंबऱ्यावर बसू नये. उंबऱ्यापासून एक वीत अलीकडे. नियम म्हणजे नियम.

आतली बाई म्हणजे वच्छलाकाकू. वळसंगच्या. अंगानं चिमूटभर आणि आवाजानं पायलीभर. बोलतात मराठी, मधेच वळतात कानडीवर, आणि रागावल्या की मराठी पार संपते. इतकी वर्षं सकाळच्या साडेदहापासून संध्याकाळच्या सहापर्यंत ते घर त्यांचं एकटीचं होतं. आता समोर पाट, पाटावर आबासाहेब आणि आबासाहेबांच्या मांडीवर कोरी वही.

"फोडणीत मोहरी आधी घातलीस. हिंग नंतर. ह्याचं कारण काय?"

"कारण काय म्हंजी? तसंच घालत्यात."

"कारण नमूद असावं लागतं वच्छला."

"तुमच्या आईनं शिकीवलंय. जावा वर, ईचारून या."

असं रोज. आम्हाला रेडिओ घ्यायची गरजच उरली नाही.

तळण असलं की आणखी एक पद्धत होती. पहिला घाणा आबासाहेबांकडे मंजुरीला जायचा. ही रविवारची पद्धत जुनीच, आता ती रोजची झाली. ते एक भजं उचलायचे, फिरवून बघायचे, तोंडात टाकायचे, आढ्याकडे नजर लावायचे आणि बराच वेळ चावायचे. मग "हं" किंवा "मीठ". तोवर काकूंनी कढई सोडायची नाही. ते उठले, हात धुतला, की काकूंनी परातीतलं उरलेलं, गार झालेलं, मऊ पडलेलं भजं खायचं. लग्नाला पस्तीस वर्षं झाली आणि काकूंनी गरम भजं खाल्लेलं नाही. एकदा आमच्या आईनं विचारलं, अहो, ते कचेरीत असायचे तेव्हा तरी करून खायचं. काकू म्हणाल्या, "एकटीसाटी कढई कोन चढीवतंय गं?"

आता कांद्याच्या चकत्या. निवृत्तीच्या दिवशी साहेबांच्या बंगल्यावर चहा होता. साहेबांच्या मुंबईकर मॅडमनी बशीतून काहीतरी गोल, सोनेरी, भोकवालं आणलं आणि म्हणाल्या, "ऑनियन रिंग्ज घ्या ना." आबासाहेबांनी तीन घेतल्या आणि चौतीस वर्षांत जे झालं नव्हतं ते झालं. त्यांना कशाचं तरी कारण विचारावंसं वाटलं नाही.

पुढल्याच आठवड्यात काकूंनी नेहमीची खेकडा भजी केली. कांदा उभा चिरलेला, मीठ लावून पाणी सुटलेला, त्यात मावेल तेवढंच पीठ, आणि तेलात सोडली की चारी बाजूंनी पाय फुटतात ती. आबासाहेबांनी एक उचललं आणि चष्म्याच्या वरून बघितलं.

"त्याचं असं आहे वच्छला, ह्याला आकार नाही."

"आकार कशाला पायजे? पोटात जाऊन परेड करायचीय व्हय?"

"मॅडमच्या इथं प्रत्येक चकती स्वतंत्र होती. गोल. कडक. चावली की कुर्र आवाज."

"आन् मधी?"

"मधे भोक."

"भोकात काय?"

"भोकात काही नाही."

"मंग भोक खाऊन आलासा की! लईच भारी चहा झाला म्हनायचा."

एवढ्यावर दुसरा माणूस गप्प बसला असता. आबासाहेब वैशाख आणि ज्येष्ठ, पूर्ण दोन महिने, भोकावर बोलत राहिले. पिठलं केलं की मॅडम. कोशिंबीर केली की मॅडम. एकदा नुसतं वरण होतं, तर म्हणाले, "ह्याच्यासोबत चकती असती तर." काकूंची मराठी आठवड्यातून तीनदा संपायला लागली.

आषाढ लागला. त्यांच्याकडे चातुर्मासात कांदा-लसूण बंद, त्यामुळे एकादशीच्या आधी कांदेनवमी जोरात. घरात असेल नसेल तो कांदा त्या दिवशी संपवायचा. नवमीच्या आदल्या दिवशी आबासाहेबांनी पाटावरून जाहीर केलं, "उद्या खेकडे नकोत. उद्या चकत्या."

भिंतीपलीकडे भांड्यांचा आवाज थांबला. मग काकूंचा आवाज आला, आणि गोड आला, तेव्हाच मी भिंतीजवळ सरकले.

"करा की. तुमीच करा."

"मी?"

"तीन म्हैनं झालं, हितं बसून शिकलासा न्हवं? तुमीच करा. मी हात लावायची न्हाय. जमल्या, तर जल्मभर तुमी म्हनशिला तशी भजी करीन, एकेक फूटपट्टीनं मापून. न्हाय जमल्या, तर ह्यो पाट हितनं उचलायचा. चातुर्मासापुरता न्हाय. कायमचा."

आबासाहेब म्हणाले, "मान्य. लेखी घेऊ."

आणि खरंच लेखी घेतलं. साक्षीला समोरच्या खोलीतल्या मल्लव्वाला बोलावलं. मल्लव्वा अक्कलकोटकडची, मंडईत कांदे-बटाटे विकते आणि दिवसभर ओरडून ओरडून घरी आली तरी तोच आवाज ठेवते. तिनं कागद उलटा धरून वाचला आणि मान डोलावली. काकूंना सही येते. तरी त्यांनी मुद्दाम हळदीत अंगठा बुडवून उठवला.

त्या संध्याकाळी आबासाहेबांनी टिपण लिहिलं. विषय: कांद्याच्या चकत्या तळणेबाबत. संदर्भ: साहेबांकडील चहापान. कार्बन लावून तीन प्रती. एक स्वैपाकघराच्या भिंतीला, एक फायलीला, एक काकूंना माहितीस्तव. चकत्या कशा करतात हे त्यांना माहीत नव्हतं. त्यांनी फक्त खाल्ल्या होत्या. पण माहीत नाही म्हणून टिपण अडलं, असं त्यांच्या नोकरीत एकदाही झालेलं नव्हतं. मॅडमकडे काय काय घातलं असेल ते त्यांनी अंदाजानं लिहिलं. फक्त चौथा मुद्दा अंदाजाचा नव्हता. तो त्यांनी स्वतःच्या डोळ्यांनी, पाटावरून, अनेकदा पाहिलेला होता: "कांद्यास प्रथम मीठ चोळून अर्धा तास मुरू द्यावे."

नवमीला दुपारी गिरणीचा तीनचा भोंगा झाला आणि आबासाहेब कामावर रुजू झाले. इस्त्रीचा शर्ट, बाह्या दोन घड्या वर, खिशाला पेन. काकू माठाजवळ भिंतीला टेकून बसल्या, हात मांडीवर. शेजारी मल्लव्वा. आम्ही मायलेकी "जरा साखर आहे का" म्हणून गेलो आणि वाटी हातात धरून तिथेच राहिलो. पाट उंबऱ्याशी रिकामा.

विळी त्यांनी नाकारली. विळीवर चकती तिरकी जाते म्हणाले. कचेरीत पेन्सिलींना टोक काढायचा चाकू आणला आणि लाकडी फूटपट्टी काढली.

"पाव इंच," आबासाहेब म्हणाले, आणि कांद्यावर पेनानं खूण केली.

"शिवने!" मल्लव्वा म्हणाली. "उळ्ळागड्डीला शाई लावतंय साहेब!"

मंडईत कांद्याला कांदा म्हणते, घाबरली की उळ्ळागड्डी.

डोळ्यांतून धारा, नाकातून धारा, पण पट्टी सुटली नाही. चकत्यांची कडी एकेक सुटी केली. मग वर्तमानपत्र पसरून त्यांची वर्गवारी केली: सगळ्यात मोठी अ, मग ब, मग क, मग ड. मधले बारके गाभे कुठल्याच वर्गात बसेनात, ते "किरकोळ" म्हणून वाटीत. ह्यात पाऊण तास गेला. साहेबांच्या बंगल्याची फाईलसुद्धा त्यांनी इतक्या मायेनं लावली नसेल.

मग भिंतीवरचा चौथा मुद्दा मोठ्यानं वाचला आणि मिठाच्या बरणीत हात घातला.

मल्लव्वानं तोंड उघडलं. काकूंनी तिच्या गुडघ्यावर चापट मारली.

"सुम्म कूड," म्हणजे गप बस.

मीठ चोळलं. अर्धा तास, घड्याळ लावून. भिंतीवरच्या त्या निवृत्तीच्या घड्याळाला पहिल्यांदाच काहीतरी काम मिळालं. अर्ध्या तासात अ, ब, क आणि ड चारही वर्ग एकसारखे मऊ पडले आणि त्यांच्याखालचं वर्तमानपत्र भिजून फरशीला चिकटलं. आबासाहेब खूश. "पाणी सुटलं," म्हणाले. कालव्याच्या माणसाला पाणी सुटलं की बरंच वाटणार.

स्टोला पंप मारला. कढईत शेंगदाण्याचं तेल तापलं. भांड्यात डाळीचं पीठ, तिखट, ओवा, आणि मॅडम मुंबईच्या म्हणून चमचाभर साखर. अ वर्गातली पहिली चकती दोन बोटांत धरली, पिठात बुडवली, आढ्याकडे बघितलं आणि तेलात सोडली.

चकती तळाला गेली. पीठ वर आलं.

वर आलं ते पिवळ्या चिंधीसारखं, आणि तळाला गेलेला कांदा तिथं नागडाच काळा पडायला लागला. दुसरी सोडली, तेच. तिसरीचं पीठ तर बांगडीसारखं गोलच्या गोल निसटून बाजूला तरंगलं. आकार अगदी मॅडमच्या घरचा, आत कांदा मात्र नाही.

"भोक आलं की वो!" काकू म्हणाल्या. "नुसतंच भोक आलं."

आबासाहेबांनी झाऱ्यानं पीठ एका बाजूला केलं, कांदा दुसऱ्या बाजूला. "तेल सहकार्य करत नाहीये," म्हणाले. स्टोला आणखी पंप. ब वर्ग घेतला. तेल धुरावलं, चकत्या आत पडायच्या आधीच काळ्या पडल्या. "पीठ निकृष्ट आहे." पीठ घट्ट केलं. क वर्गावर पिठाचे गोळे बसले आणि तेलात पडताच गोळे सुटले. "गिरणीवाल्याला पत्र टाकावं लागेल."

मल्लव्वाला राहवेना. "साहेब, कांदा आंघुळ करून वल्ला आलाय. त्येच्या अंगावर कपडं कसं ऱ्हाईल?"

"त्याचं असं आहे मल्लव्वा, हा तांत्रिक विषय आहे."

ड वर्गही गेला. मग "किरकोळ"सुद्धा गेलं. परातीत एका बाजूला काळा कांदा, एका बाजूला पिठाचा चुरा, दोघांची रीतसर वाटणी. आबासाहेबांच्या चष्म्याच्या एका काचेवर पीठ उडालेलं, दुसऱ्या काचेतून ते भिंतीवरचं टिपण वाचत होते. पहिला मुद्दा. दुसरा. तिसरा. चौथा. परत पहिला. टोपलीत एकच कांदा शिल्लक होता.

काकू जिंकल्या होत्या. त्यांनी आता फक्त बसून राहायचं होतं. मी त्यांच्या तोंडाकडे बघत होते. ते अगदी तृप्त होतं, आणि लपवायची त्यांना काही गरज वाटत नव्हती.

आबासाहेब वळले. बोलायला तोंड उघडलं, आणि "त्याचं असं आहे" आलंच नाही.

"वच्छला, कुठं चुकलं गं?"

काकू गुडघ्यावर हात देऊन उठल्या.

"बगा. पन पैज माजीच. मल्लव्वा, तू साक्षीला हायेस."

"हौदक्का, मी हाय की."

काकूंनी विळी ओढली, कांदा आडवा केला, आणि चकत्या अशा सरसर पडल्या की फूटपट्टीला लाज वाटावी. कडी सुटी करून माठातल्या गार पाण्यात टाकली. "मंजी कडक ऱ्हातंय." मग जुन्या लुगड्याच्या धडप्यानं एकेक कोरडी पुसली. परातीत कोरडं ज्वारीचं पीठ पसरून त्यात घोळली. उरलेलं डाळीचं पीठ त्यांनी थोड्या पाण्यानं सैल केलं, मूठभर तांदळाचं पीठ घातलं. मिठाला हातही लावला नाही. स्टो जरा उतरवला, पिठाचा थेंब टाकून तेल बघितलं, आणि चारच चकत्या सोडल्या.

चारही वर आल्या. कपड्यांसकट.

"मिरचीचं भजं करताना मिरची वली आसली की पीठ सुटतंय," काकू कढईशीच बोलल्या. "खेकड्याला पानी पायजे, पीठ धरून ठिवायला. ह्येला पानी नगं. तीन म्हैनं बगत बसलासा, मीठ टाकल्यालं तेवढं दिसलं. का टाकलं ते एकदा तरी ईचारलंसा?"

आता खरं तर ते रोज विचारायचे. कारण काय, कारण काय, हाच तर धोशा होता. पण आबासाहेबांनी तो मुद्दा काढला नाही. बहुधा उत्तर कधी लिहून घेतलं नव्हतं हे त्यांच्या ध्यानात आलं असावं.

चकत्या बाहेर आल्यावर काकूंनी वरून मीठ भुरभुरलं. एक उचलून आबासाहेबांच्या हातावर ठेवली. कुर्र. आमच्या वाटीत साखर नव्हती पण तोंडाला पाणी सुटलं होतं. आबासाहेबांनी सवयीनं आढ्याकडे नजर लावली.

"मंजुरी नगं," काकू म्हणाल्या. "पाट उचला."

त्यांनी पाट उचलला. चकत्या आम्ही संपवल्या, मल्लव्वानं दोन, मी एक.

आता हेडक्लार्क इतक्यात संपत असता तर सरकार कधीच बंद पडलं असतं. दुसऱ्या दिवशी साडेदहाला स्वैपाकघराची बाहेरची खिडकी उघडली आणि त्यात आबासाहेबांचं डोकं आलं. बाहेर बोळात ते स्टुलावर बसले होते.

"करारात उंबरा आहे, पाट आहे," ते गजांतून म्हणाले. "खिडकीचा उल्लेख नाही. डाळीत हळद किती घातलीस?"

काकूंनी स्टो उचलून खिडकीखाली ठेवला, तवा चढवला आणि वीस-पंचवीस हिरव्या मिरच्या भाजायला टाकल्या. ठेचा करायचा होता म्हणे. आमच्या आईला अकरा शिंका आल्या. बोळातलं स्टूल कधी हललं ते मला कळलं नाही, पण खोकला पार कोपऱ्यावरच्या यंत्रमागवाल्यांच्या घरापर्यंत ऐकू गेला आणि तिथला खटखटाट थांबून तेलुगूत चौकशी झाली.

तिसऱ्या दिवशी, एकादशीला, मल्लव्वा आली. रेशनकार्डावर तिच्या सुनेचं नाव चढत नव्हतं. कचेरीत तिला तीनदा परत पाठवलं होतं. काकूंनी मोठ्यानं, म्हणजे बाहेर ऐकू जाईल असं, सांगितलं, "अगं, आमचं मालक हाईत की! आख्ख्या कालव्याचं कागद लिवलंय त्येनी. पन हितं खिडकीत कसं लिवतील? जिन्याखालचा कट्टा मोकळा हाय बग."

आबासाहेब स्टूल घेऊन कट्ट्यावर गेले. मल्लव्वाचा अर्ज लिहिला. "विनंती अर्ज सादर करण्याचे कारण की" इथंच त्यांचा चेहरा असा उजळला की मार्चनंतर तसा आम्ही तो बघितलाच नव्हता. आठ दिवसांत सुनेचं नाव चढलं. पंधरा दिवसांत कट्ट्यापुढे ओळ लागली: रॉकेलचा अर्ज, शाळेच्या दाखल्याचा अर्ज, मागवाल्यांचे वीजबिलाचे अर्ज. आबासाहेब प्रत्येकाला चष्म्यावरून बघायचे आणि म्हणायचे, "त्याचं असं आहे, कारण नमूद करा." आणि लोक, काय सांगू, मुकाट्यानं करायचे. जेवायलासुद्धा ते हाका मारल्याशिवाय येईनात. कामाचा बोजा फार आहे म्हणतात.

चार महिन्यांनी कार्तिकी एकादशी झाली, घरात कांदा परत आला. द्वादशीला दुपारी, तीनच्या भोंग्यानंतर, काकूंनी कढई चढवली. वास कट्ट्यापर्यंत जायला वेळ लागला नाही.

"वच्छला!" जिन्याखालून आवाज आला. "पहिला घाणा मंजुरीला पाठव!"

"अर्ज करा!" काकू आतून ओरडल्या. "कारन नमूद करा!"

ओळीतली माणसं हसली. आबासाहेबांनी काय केलं ते दिसलं नाही. मी परत साखरेची वाटी घेऊन काकूंच्या दारात होते. काकूंनी भिंतीला टेकवलेला पाट ओढला, उंबऱ्यापासून वीतभर आत मांडला, ऐसपैस बसल्या, आणि कढईतून नुकती काढलेली पहिली चकती स्वतःच्या तोंडात टाकली.

कुर्र झालं. आणि मग, "अय्यय्यय्यो!"

जीभ पोळली होती. गरम भजं फुंकून खायचं असतं हे त्यांना कुठून माहीत असणार? तोंडावर पदर धरून, डोळ्यांत पाणी आणून, त्यांनी दुसऱ्या चकतीला हात घातला.